चार वाजताचा आवाज

१२ जून

प्रिय काडी,

गुरुवारी दुपारी बोर्डिंगच्या जेवणघरात वाचायची पाळी माझी असायची, आठवतं? साठ मुली मान खाली घालून जेवायच्या आणि मी भिंतीजवळच्या उंच स्टुलावर बसून कुठल्याशा संताचं नाहीतर दर्यावर्दीचं चरित्र वाचायचे. माझं जेवण सगळ्यांच्या नंतर, म्हणून पोटात कावळे ओरडायचे आणि मी हळूच एखादी ओळ गाळायचे. की लगेच तुझा चमचा ताटलीवर वाजायचा. एकदाच. सिस्टर वर बघायच्या तेव्हा तू डोळे मिटून घास चावत असायचीस, जशी काही प्रार्थनाच चाललीय. मला मागे जाऊन ती ओळ वाचावी लागायची. तेव्हा तुझा काय राग यायचा! आज सकाळी ओट्यावरून चमचा पडला आणि मी एकटीच हसले.

तू विचारलंस, फोन का लागत नाही. बंद करून ड्रॉवरमध्ये टाकलाय. हॉस्पिटलच्या टेलिफोन बोर्डावर अठ्ठावीस वर्षं बसले, अमक्या डॉक्टरांनी तमक्या वॉर्डात यावं म्हणून दिवसभर पुकारत राहिले. आता कानाला काही लावावंसंच वाटत नाही. पत्र बरं. पत्राला घाई नसते.

चिंगीचं मला पत्र आलं होतं. लेक तुझी, पण अक्षर तुझ्यावर गेलं नाही हे बरं झालं. लिहिते, आई तीनदा गॅस चालू ठेवून विसरली, न्हाणीघरात घसरली, नजर रोज कमी होतेय आणि तरी घर सोडायला तयार नाही. मावशी, तू तिच्याशी बोल, ती तुझंच ऐकते. मी तिला उलट टपाली कळवलं, मला बोलणं जमणार नाही. तुझं घर, तुझी शिलाई मशीन, तुझे गुडघे. त्यात मी कोण?

बोर्डावर नवी मुलगी आली की पहिल्या दिवशी मी तिला एकच गोष्ट शिकवायचे. तुला ती तोंडपाठ आहे. दोन्हीकडच्या माणसांना विचारल्याशिवाय लाइन जोडायची नाही. ‘जोडू का?’ विचारायचं, ‘जोडा’ असं ऐकायचं, मगच. तू लग्न होऊन लांब गेलीस, घरी फोन नव्हता, तेव्हा मी तुला बोलून टेपा पाठवायचे, त्यांची सुरुवातही ‘जोडू का?’ अशीच व्हायची. आहेत का गं अजून त्या?

डोळ्यांचं कळव. उगाच शूर होऊ नकोस.

तुझी
भोंगा


५ जुलै

प्रिय भोंगा,

लबाड कुठली! पत्रात लिहितेस फोन बंद केला, आणि मंगळवारी चार वाजता तूच!

चिंगीने मला एक सपाट यंत्र आणून दिलंय, शाळेतल्या पाटीएवढं. म्हणाली, ‘आई, हे वाजलं की हिरवं दाबायचं, दुसरं काही करायचं नाही.’ मी म्हटलं, ‘माझ्या वयाच्या बाईला खेळणी कसली देतेस?’ तर ते वाजलंच. दाबलं हिरवं, आणि आतून काय आलं? ‘जोडू का?’

बाई गं. माझ्या हातातली कैची खाली पडली. म्हटलं, ‘जोड, जोड!’ आणि रडायलाच लागले. तूच म्हणालीस, ‘रडून घे, मी थांबते.’

चेहऱ्याचं माहीत नाही, पण आवाजाला तुझ्या एक सुरकुती नाही. तीस वर्षांपूर्वीचा जसाच्या तसा. माझ्याकडे बघशील तर म्हणशील, काडीचा ओंडका झालाय. नवा फोन घेतलास ते बरं केलंस. पण तू फार समजूतदार झालीयेस हं! पूर्वी माझं वाक्य पुरं होऊ द्यायची नाहीस. आता ‘हं, मग?’ म्हणतेस आणि ऐकून घेतेस. अक्कल आली की औषधं बदलली?

रोज चार वाजता मी खुर्ची ओढून बसते. केस विंचरून बसते, तुला दिसत नाही हे माहीत असून. काल तू गोळ्या घेतल्या का विचारलंस, मी खोटंच हो म्हटलं, मग उठून घेतल्या.

टेपा होत्या की, बिस्किटांच्या डब्यात. चिंगी गेल्या वर्षी घेऊन गेली, जपून ठेवायला.

डोळ्यांचं म्हणशील तर, जिथे बघावं तिथे मधोमध राखेचा गोळा दिसतो, कडेने जग दिसतं. माणसाकडे बघायचं तर त्याच्या कानाकडे बघावं लागतं. हे पत्र भिंग धरून लिहितेय, चार दिवस लागले. चिंगी म्हणते, आता फोन आहे, पत्रं कशाला? पण पेटीपर्यंत चालत जायला तेवढंच निमित्त.

तुझीच
काडी


९ जुलै

प्रिय चिंगी,

हे पत्र तुझ्या लॅबच्या पत्त्यावर पाठवतेय, म्हणजे आईच्या हाती पडणार नाही.

चौदा महिन्यांपूर्वी माझ्या घशातली गाठ काढली. गाठीबरोबर स्वरयंत्रही गेलं. गळ्याला एक भोक आहे, त्यावर मी रुमाल बांधते. दूधवाल्याशीसुद्धा वहीत लिहून बोलते. खोकले तरी आवाज होत नाही, नुसती हवा येते. तुझ्या आईला मी हे कळवलं नाही आणि तूही कळवू नकोस, त्याचं कारण माझ्यापाशी आहे.

तुला म्हटलं होतं, मला बोलणं जमणार नाही, ते एवढ्यासाठी.

आता तू मला सांग. तुझ्या आईला रोज चार वाजता माझ्या आवाजात जे फोन करतं, ते कोण आहे?

मावशी


१५ जुलै

ती. मावशीस सा. नमस्कार.

तुझं पत्र मी लॅबच्या जिन्यात बसून वाचलं. मला खरंच माहीत नव्हतं गं. ‘मला बोलणं जमणार नाही’ हे वाचून मला वाटलं, तू अंग काढून घेतेयस. म्हातारी माणसं एकमेकींची बाजू घेतात आणि निस्तरायचं आम्ही, असा रागही आला. त्या रागातच मी हे केलं. आता लाज वाटते.

आईच्या टेपा मी संगणकावर उतरवल्या होत्या, एकतीस टेपा, तुटतील म्हणून. लॅबमधल्या एकीने एक ॲप दाखवलं. त्याला आवाज ऐकवला की त्याच आवाजात ते पाहिजे ते बोलतं. पहिले काही दिवस मी वाक्यं टाइप करून द्यायचे, रक्ताच्या नळ्या मशीनमध्ये फिरत असायच्या तेवढ्या वेळात. ‘जोडू का?’ने सुरुवात करायची हे माझंच डोकं. ते ऐकल्यावर आई दुसरं काही तपासणारच नाही, हे मला माहीत होतं. आता ते आपलं आपण बोलतं. मी फक्त आधी लिहून ठेवते, आज काय काय बोलायचं.

तू म्हणशील फसवणूक. आहेच. पण मावशी, आई दोन वेळा जेवते आता. गोळ्या घेते, कारण तू विचारतेस. मी विचारलं तर म्हणते, ‘तू माझी आई आहेस का?’ शनिवारी गेले तर गाणं गुणगुणत होती. बाबा गेल्यानंतर पहिल्यांदा.

तुम्ही वर्षाकाठी एखादं पत्र लिहिता असं मला वाटायचं. इतकं नियमित चालतं हे ठाऊक असतं तर धजले नसते. निदान लगेच सांगू नकोस, प्लीज. तुझ्या मोबाइलवर एक तुकडा पाठवलाय, ऐक.

चिंगी


२४ जुलै

प्रिय चिंगी,

मोबाइल ड्रॉवरमधून काढला, चार्ज केला, तुकडा ऐकला. त्यात मी तुझ्या आईला सांगत होते, ‘खिडकी उघडून बस, उन्हं बघ किती छान पडलीयेत.’ हे वाक्य मी कधी बोलले नाही. पण ‘उन्हं’ म्हणताना जरा वर जायची माझी खोड आहे, ती त्यात होती.

तुला खडसावायचं म्हणून बसले होते. कागद पुढे ठेवला आणि तुकडा परत लावला. मग परत. अकरा वेळा ऐकला, चिंगी. चौदा महिन्यांत घरात पहिल्यांदा मी बोलत होते.

ठीक आहे. चालू दे. जेवण, गोळ्या, उन्हं, शाळेच्या गोष्टी. पण तिचं घर आणि तिची मशीन यांच्याबद्दल माझ्या तोंडून एक अक्षर निघता कामा नये. तेवढं कबूल कर. कबूल आहे असं लिहून पाठव.

मावशी


२० सप्टेंबर

प्रिय भोंगा,

वरचा पत्ता बघ. बदललाय. खोली नंबर नऊ.

तू म्हणालीस तसं केलं. आता खूश?

चांगली जागा आहे, तक्रार नाही. एक पलंग, एक कपाट, एक खुर्ची, खिडकीबाहेर दुसऱ्या इमारतीच्या खिडक्या. भिंतीला धरून चालायला दांडा लावलाय. जेवण घंटा वाजली की. शेजारच्या खोलीत एक बाई आहे, ती मला रोज नव्याने विचारते, ‘तुम्ही आजच आलात का?’ मी रोज हो म्हणते. हल्ली ते खरंच वाटायला लागलंय.

मशीन दिली. चिंगीच्या लॅबमध्ये एक झाडणारी बाई आहे, तिच्या मुलीला. मुलगी घरी येऊन घेऊन गेली, चांगली आहे, पाय मारायची पद्धत मी तिला दाखवली. चाळीस वर्षं त्या मशीनवर गावातल्या अख्ख्या शाळेचे गणवेश शिवले. टेंपोत चढवताना तिचं चाक आपोआप फिरत होतं.

भोंगा, एक सांगू? तू फोनवर म्हणालीस ना, ‘तुला आता सुईत दोरा ओवता येत नाही, मग मशीन काय बघत बसायला ठेवतेस?’ ते मला फार लागलं. मी ती पाटी उलटी करून ठेवून दिली. दोन दिवस हिरवं दाबलं नाही. दुसऱ्या कुणी म्हटलं असतं तर मी त्याला दाराबाहेर काढलं असतं. चिंगीने तर दोन वर्षं म्हणून पाहिलं. पण तू म्हणालीस, आणि तू मला लागेल असं कधी बोलली नाहीस. तेव्हा मला वाटलं, हिला एवढं बोलावं लागलं म्हणजे माझी दशा खरंच तशी असणार. तिसऱ्या दिवशी चिंगीला सांगितलं, आण कागद, कुठे सही करू?

गंमत अशी की पत्रात तू असलं काही म्हणत नाहीस. ऑगस्टच्या पत्रात नुसती हवापाण्याची चौकशी, फोनचं अवाक्षर नाही. मग मी आपली समजूत घातली, पत्रातली भोंगा भिडस्त आहे, फोनवरची खरी.

काडी


२७ सप्टेंबर

प्रिय काडी,

जाड पेन आणि मोठी अक्षरं मुद्दाम. हे तू स्वतः वाच. एका दिवशी एकच पान वाच, पण कुणाकडून वाचून घेऊ नकोस.

फोनवरची ती मी नव्हते. एकदाही नाही.

मला आवाज नाही. सोळा महिने झाले. घशात गाठ होती, ती काढताना सगळंच काढावं लागलं. तुझ्या पाटीतून जे बोलतं ते एक यंत्र आहे. आपल्या टेपा ऐकून ते माझ्यासारखं बोलायला शिकलं. ते चिंगीने केलं. तुझ्या काळजीने केलं, एवढं मी तिच्या बाजूने सांगेन.

पण मला जुलैपासून माहीत होतं.

हे वाक्य मी चारदा खोडलं आणि पाचव्यांदा लिहिलंय. तुझं पहिलं पत्र वाचून मी चिंगीला विचारलं आणि तिने सगळं कबूल केलं. मी तुला त्याच दिवशी कळवायला हवं होतं. कळवलं नाही. तू केस विंचरून बसतेस असं लिहिलं होतंस, ते एक कारण. दुसरं कारण चांगलं नाही. चिंगीने मला त्या आवाजाचा तुकडा पाठवला, आणि मला तो आवडला. माझ्या घरात मी वहीत लिहिते, ‘अर्धा लिटर’, ‘उद्या नको’, आणि तिकडे तुझ्या घरात मी गप्पा मारतेय, तुला हसवतेय. मला वाटलं, असू दे. कुठेतरी मी आहे.

घराबद्दल आणि मशीनबद्दल बोलायचं नाही असं मी चिंगीला बजावलं होतं. कबूल आहे असं लिहून पाठव म्हटलं होतं. तिचं उत्तर आलं नाही, आणि मी परत विचारलं नाही. उत्तर न येणं म्हणजे काय, हे मला कळायला हवं होतं. जन्मभर दुसरं काय केलं मी?

सुई-दोऱ्याचं ते वाक्य माझं नाही, काडी. मी ते मनातसुद्धा म्हटलं नाही. तुला दिसत नाही म्हणून तुझी मशीन जावी असं मला वाटलं असतं, तर आवाज गेल्यावर मलाही टेंपोत चढवा, असं मीच कुणाला तरी सांगितलं असतं.

तुझ्यापासून का लपवलं विचारशील. तू उलट पाठवलेल्या एका टेपवर म्हणाली होतीस, ‘भोंगा, तुझा चेहरा विसरले तरी चालेल, आवाज येतोय तोवर तू आहेस.’ मला वाटलं, आवाज गेला हे तुला कळलं की तुझ्यापुरती मी गेलेच.

तू सही माझ्या सांगण्यावरून केलीस, आणि मी सांगितलंच नव्हतं. ती सही कुणाची मग? मला झोप लागत नाही. रागाव. पण पत्र लिही.

भोंगा


२ नोव्हेंबर

भोंगा,

महिनाभर लिहिलं नाही. लिहायचंच नव्हतं.

आधी चिंगीचं सांगते. रविवारी आली, तेव्हा तुझी सगळी पानं पलंगावर मांडून ठेवली होती. म्हटलं, ‘हे काय?’

पांढरीफटक पडली. म्हणाली, ‘आई, तुझ्या भल्यासाठी.’

‘माझं भलं होतं ना? मग मला विचारायचंस.’

‘विचारलं की! दोन वर्षं विचारलं. तू दर वेळी नाही म्हणायचीस.’

‘मग तेच उत्तर होतं ना गं!’

त्यावर ती रडायला लागली. मी नाही रडले. मी विचारलं, ‘ते सुई-दोऱ्याचं तू लिहिलं होतंस?’ तर म्हणाली, ‘शप्पथ नाही. मी फक्त एवढंच टाकलं होतं की घर सोडायला आईचं मन वळव. पुढचं त्याचं तेच बोललं. मी नंतर ऐकलं तेव्हा मलाही कसंतरी झालं. पण तू तयार झाली होतीस, म्हणून...’ मग आम्ही मायलेकी त्या पाटीकडे बघत बसलो, खोलीत तिसरं कुणीतरी बसलंय तसं. चिंगीने तिच्यावर टॉवेल टाकला.

घर परत मिळेल का विचारलं. तिथे एक नवरा-बायको आणि त्यांचं तान्हं बाळ राहायला आलंय. करार तीन वर्षांचा आहे. तीन वर्षांत माझ्या डोळ्यांचं काय होणार, ते डॉक्टरांनी मला स्पष्ट सांगितलंय. म्हणजे माझं घर मी आता पुन्हा बघणार नाही. बाळाला काढून मी तिथे काय बघायला जाऊ?

आता तू. तुझा गळा कापला आणि मला कळवलं नाहीस. तू वहीत लिहून दूध घेत होतीस आणि मी तुला माझ्या गुडघ्यांची रडगाणी लिहीत होते! मेले, हसत असशील. वर म्हणतेस, आवाज गेला तर तुझ्यापुरती मी गेले. इतकी स्वस्त समजलीस मला? तेव्हा टेपवर म्हटलं असेन काहीतरी, चिंगी कडेवर रडत असेल, कुकरच्या शिट्ट्या होत असतील, काय म्हणतेय याकडे लक्ष तरी होतं का? तुझ्यावर माझा चिंगीपेक्षा जास्त राग आहे. ती घाबरली होती. तू तर मजेत ऐकत होतीस.

हे लिहून झालं. आता जे विचारणार आहे ते विचारायला मला लाज वाटते, तरी विचारते.

चिंगीने ते बंद केलंय. चार वाजले की माझे हात आपोआप केसांकडे जातात. काही वाजत नाही. इथे दिवसभर कुणी माझं नाव घेत नाही, ‘नऊ नंबर’ म्हणतात. ते यंत्र आहे हे आता मला माहीत आहे. फसणार नाही. नुसतं शाळेचं बोलेल, उन्हाचं बोलेल. चिंगी म्हणते, तू हो म्हणालीस तर पुन्हा सुरू करता येईल.

आवाज तुझा आहे, म्हणून तुला विचारते. सुरू करू का?

काडी


१६ नोव्हेंबर

प्रिय काडी,

आधी एक गोष्ट, कारण लपवणं आता पुरे. गाठ परत आलीय. या वेळी ती कापायच्या जागी नाही. डॉक्टर तरुण आहेत, मला आकडा सांगताना टेबलावरची स्टेपलर सारखी सरळ करत होते. उन्हाळा मी बघेन असं त्यांना वाटत नाही. तुझ्याकडे यावंसं फार वाटतं, पण एवढा प्रवास मला करू देणार नाहीत. दोनदा विचारून झालं.

आता तुझा प्रश्न. या सगळ्या प्रकरणात मला विचारणारी तू पहिली. म्हणून खरं उत्तर देते.

नाही.

तुला वाटेल, शिक्षा करतेय. तसं नाही गं. तू फसणार नाहीस म्हणतेस, पण जुलैत मलाही माहीत होतं ते यंत्र आहे, आणि मी अकरा वेळा ऐकलं. अकराव्या वेळी मला वाटायला लागलं होतं, मी म्हटलं असेनही हे. मी असताना ही तऱ्हा, तर मी गेल्यावर? एखाद्या कंटाळ्याच्या दिवशी तो आवाज तुला सांगेल, हे ऑपरेशन करून घे, ते करू नकोस, इथे सही कर, चिंगीशी बोलू नकोस. आणि तू माझं म्हणून ऐकशील. तुझं ‘नाही’ फार कष्टाचं आहे, काडी. मला ते शाळेपासून ठाऊक आहे. ते माझ्या आवाजापुढे नेमकं गळून पडतं, हेही आता कळलं. माझ्या आवाजाने ते परत कुणी काढून घेऊ नये.

तुझा माझ्यावरचा राग राहू दे. तो बरोबर आहे. मी जाईपर्यंत गेला नाही तरी चालेल.

आता कुणाला काय द्यायचं ते लिहिते. चिंगीला हे वाचायला दे, पण तुझं वाचून झाल्यावर.

सोबतच्या निळ्या पाकिटात माझ्या सहीचा कागद आहे, तो चिंगीने त्या ॲपवाल्यांना पाठवायचा. आवाज कायमचा पुसायचा तर ज्या माणसाचा आवाज त्याची सही लागते, असं त्यांनी तिला कळवलंय म्हणे. सुरू करताना लागली नव्हती.

एकतीस टेपा तुझ्या आहेत, तुझ्याकडे परत येऊ देत. संगणकावरच्या नको, बिस्किटांच्या डब्यातल्या. सोबत माझा जुना टेपरेकॉर्डर पाठवतेय, प्लेचं बटण जरा जोरात दाबावं लागतं. त्यात मी सर्दीने नाक ओढलंय, विषय सोडून भरकटलेय, एका टेपमध्ये तर तुझ्याशी भांडलेय. ते सगळं मी म्हटलेलं आहे. पाहिजे तितक्यांदा ऐक.

मी ज्या वह्यांत लिहून बोलते, त्या सतरा झाल्या. त्यात फक्त माझी बाजू आहे, दुसऱ्या माणसाचं काहीच नाही, त्यामुळे वाचणाऱ्याला मी वेडी वाटेन. त्या रद्दीत द्यायच्या. चिंगीने त्या उघडून बघायच्या नाहीत. बघाव्याशा वाटल्या तर मला विचारावं, अजून मी आहे.

माझी मऊ शाल तुझ्या शेजारच्या बाईंना. त्या रोज नव्याने विचारतात, तर रोज नव्याने त्यांना ती आवडेल.

तू पाठवलेली पत्रं चिंगीला. तिची आई कशी बोलते, हे तिला त्यातून कळेल. तिने ती मोठ्याने वाचावीत, तुझ्यासमोर, तुझे डोळे थकतील तेव्हा.

चार वाजताची वेळही चिंगीची. फोन तिने करायचा, तिच्या स्वतःच्या आवाजात, मग तो कितीही रागावलेला किंवा दमलेला असो. तिने काही मागितलं आणि तुला द्यायचं नसेल, तर नाही म्हणायचं. तिने ते ऐकून घ्यायचं आणि दुसऱ्या दिवशी परत फोन करायचा.

शेवटचं तुला. माझ्या खालच्या मजल्यावर एक नर्सबाई राहतात, त्यांच्यापाशी एक पाकीट ठेवलंय. पत्ता घातलाय, तिकीट लावलंय. मी गेले की त्या ते पेटीत टाकतील. आत कोरा कागद आहे. तो मिळाला की समज. त्याच्या आधी किंवा नंतर कुणी माझ्या आवाजात तुला काही सांगितलं, अगदी मी बरी आहे असंसुद्धा, तर ते घेऊ नकोस.

तुझी
भोंगा